पोलिसप्रमुख आणि त्यांचा कैदी

ब्राझिलचे फिलिंतो म्यूलर मूळचे लष्करी शिपाईगडी. १९२५ साली लुईस कार्लोस प्रेस्तेस यांच्या बंडखोर फौजेतून त्यांची हकालपट्टी झाली. पुढे १९३३ ते १९४२ ते रिओचे पोलिसप्रमुख होते. १९३६ साली त्यांच्या पोलिसांनी प्रेस्तेसना पकडले. गरोदर पत्नी ओल्गा, जन्माने ज्यू, हिच्या नशिबी हिटलरची जर्मनी आली. १९४२ साली तिला विषारी वायूने मारले. नऊ वर्षांनी सुटून प्रेस्तेस सेनेटर झाले आणि १९४७ साली म्यूलरही निवडून आले! एकाच दालनात बसताना दोघांच्या मनांत काय येई, ते कुठल्या इतिवृत्तात सापडायचे? १९४८ च्या जानेवारीत प्रेस्तेस यांचे सदस्यत्व रद्द झाले. म्यूलर चढतच गेले. १९७३ साली ते सेनेटचे अध्यक्ष होते. ११ जुलैला पॅरिसजवळ विमानाला लागलेल्या आगीत वारले.