जुन्नरच्या शिलालेखांतील ‘गत’ यवन आणि मूळाचा शोध

आपले मूळ कोणते, हा प्रश्न प्रत्येक समाजास केव्हा ना केव्हा पडतोच. सोयरीक जुळविताना कूळ, देवक, कुलदैवत आणि मूळ गाव यांची विचारपूस होते. ज्ञातीच्या उत्पत्तीविषयी वडीलधाऱ्यांत चर्चा रंगते. स्वतःस मोठी म्हणविणारी राष्ट्रेदेखील या जिज्ञासेतून सुटलेली नाहीत. अशाच एका शोधाच्या ओघात युरोपातील एका प्राचीन लोकसमूहाचे नाव थेट आपल्या जुन्नरच्या लेण्यांपर्यंत येऊन पोचले. ती हकिकत ज्ञातिबांधवांस व भगिनींस मनोरंजक वाटेल आणि विचार करावयासही लावील, म्हणून येथे थोडक्यात सांगतो.

प्रथम आपल्या प्रदेशाचे स्थान ध्यानी घ्यावे. आज आळेफाट्यावर पुणे-नाशिक रस्ता आणि माळशेज घाट चढून येणारा कल्याण-अहिल्यानगर रस्ता एकमेकांस छेदतात. दोन हजार वर्षांपूर्वी हीच वर्दळ नाणेघाटाने होत असे. सोपारा व कल्याण या बंदरांत उतरलेला माल बैलांच्या पाठीवरून घाट चढे आणि जुन्नरमार्गे प्रतिष्ठान म्हणजे पैठणकडे जाई. नाणेघाटाच्या तोंडाशी असलेल्या लेण्यात सातवाहन राणी नागनिकेचा सुप्रसिद्ध ब्राह्मी लेख आहे. वाटेवर व्यापार, व्यापाराबरोबर संपत्ती आणि संपत्तीबरोबर दानधर्म, या क्रमाने शिवनेरी, मानमोडी, तुळजा आणि लेण्याद्री येथील डोंगर कोरले गेले. जुन्नरभोवती अशी दोनशेहून अधिक खोदकामे आहेत.

या लेण्यांतील लेख बहुतांशी दानलेख होत. दाता कोण, कोठला आणि त्याने काय दिले, एवढेच त्यांत सांगितलेले असते. त्यांपैकी तीन लेखांतील दाते स्वतःस ‘यवन’ म्हणवितात. इरिल नावाच्या यवनाने पाण्याची दोन टाकी दिली. चिट नावाच्या यवनाने भिक्षुसंघास भोजनमंडप दिला. चंद नावाच्या यवनाचे दान मानमोडीच्या एका चैत्यगृहाच्या दर्शनी भागावर कोरलेले आहे. यांपैकी इरिल व चिट या दोघांच्या नावांपुढे ‘गतानं’, म्हणजे ‘गतांपैकी’, असा शब्द आहे. हे ‘गत’ कोण?

इ. स. १९१२ मध्ये नॉर्वेचे विद्वान स्टेन कोनो यांनी असे प्रतिपादन केले की, हे ‘गत’ म्हणजे युरोपातील गॉथ लोक होत. गॉथ हे जर्मानिक भाषाकुळातील लोक. इंग्रजांचे पूर्वज मानले जाणारे अँग्लो-सॅक्सन याच कुळातील दुसऱ्या शाखेचे, म्हणजे भाषेच्या नात्याने गॉथांचे चुलतभाऊच. तर्क खरा धरला, तर ईस्ट इंडिया कंपनीचे साहेब येण्यापूर्वी सुमारे पंधरा शतके त्यांच्या भाऊबंदांनी शिवनेरीच्या परिसरात टाकी खोदविली असे म्हणावे लागेल!

कल्पना मोहक आहे. परंतु मोहक म्हणून ती खरी ठरत नाही. ती कसोटीस लावून पाहू. हे लेख अक्षरवटिकेवरून इ. स. च्या पहिल्या-दुसऱ्या शतकांतील वाटतात. त्या सुमारास गॉथ लोक उत्तरेस विस्तुला नदीच्या परिसरात राहत होते. काळ्या समुद्राच्या काठी त्यांचा बोलबाला झाला तो तिसऱ्या शतकात. तेथून भृगुकच्छ किंवा कल्याण गाठणाऱ्या गलबतांशी त्यांचा संबंध कसा यावा, याचा दुवा सापडत नाही. ‘गत’ हे एखाद्या स्थळाचे अथवा कुळाचे नाव असणेही संभवते. केवळ दोन अक्षरांच्या साम्यावर एवढी मोठी इमारत उभी करणे धोक्याचे होय.

शिवाय ‘यवन’ या शब्दाचीच गंमत पाहा. मुळात तो आयोनियातील ग्रीकांचे नाव. पुढे पश्चिमेकडून येणाऱ्या कोणाही परकीयास तो लावला जाऊ लागला. कार्ल्याच्या चैत्यगृहातील कित्येक स्तंभ धेनुकाकट येथील यवनांनी दिलेले असून त्यांची नावे चांगली भारतीय वळणाची आहेत. नाशिकच्या एका लेण्याचा दाता उत्तरेकडील दत्तामित्री नगराचा यवन. त्याचे नाव इंद्राग्निदत्त आणि पित्याचे नाव धर्मदेव. जुन्नरचे चिट आणि चंद हीदेखील ‘चित्र’ आणि ‘चंद्र’ यांचीच प्राकृत रूपे दिसतात. नाव येथले, भाषा येथली, धर्म येथला. केवळ ‘यवन’ ही उपाधी मागे राहिली.

आता खुद्द इंग्रजांची वंशकथा पाहू. ब्रिटन बेटात पूर्वी केल्टिक भाषा बोलणारे लोक नांदत. इ. स. ४३ मध्ये रोमनांनी स्वारी केली आणि इ. स. ४१० च्या सुमारास त्यांचा अंमल संपला. त्यानंतर उत्तर जर्मनी व डेन्मार्क या बाजूंनी अँगल, सॅक्सन आणि ज्यूट लोक आले. इ. स. ७३१ मध्ये बीड नावाच्या साधूने आपल्या इतिहासग्रंथात त्यांची ही तीन नावे नोंदविली. या आगंतुकांनी तेथील जुन्या रहिवाशांना जे नाव दिले, त्यापासून ‘वेल्श’ शब्द झाला आणि त्याचा अर्थ ‘परके’! घरात शिरलेल्या पाहुण्याने यजमानास परका म्हणावे, तसा हा प्रकार. इ. स. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या संशोधनात जुन्या थडग्यांतील अस्थींची आनुवंशिक तपासणी झाली. पूर्व इंग्लंडातील त्या काळच्या माणसांत समुद्रापलीकडून आलेल्या वंशाचा वाटा सरासरी सुमारे तीन-चतुर्थांश भरला. पण दोन्ही मूळांची माणसे एकाच दफनभूमीत पुरलेली आणि एकमेकांत मिसळलेलीही आढळली. सारांश, निर्भेळ इंग्रज असा कधी नव्हताच.

आपल्याकडेही हेच घडले. शक क्षत्रप नहपान याचा अमात्य अयम याने मानमोडीस टाके व मंडप दिला. हा परक्या राजाचा अधिकारी आपले गोत्र ‘वत्स’ असल्याचे त्या लेखात सांगतो. पुढे गौतमीपुत्र सातकर्णीने नहपानाचा पराभव केला. जोगळटेंभी येथे इ. स. १९०६ मध्ये नहपानाची तेरा हजारांवर चांदीची नाणी सापडली. त्यांतील बहुसंख्य नाण्यांवर गौतमीपुत्राने आपला छाप उमटविलेला आहे. शक-यवन-पह्लवांचा संहार करणारा आणि चातुर्वर्ण्याचा संकर थांबविणारा, असा गौरव त्याची माता गौतमी बलश्री हिने नाशिकच्या लेखात कोरविला. परंतु काळाची गती पाहा. वासिष्ठीपुत्र सातकर्णी या पुढच्या सातवाहन राजाची राणी कार्दमक शकांच्या घराण्यातील, महाक्षत्रपाची कन्या होती, असे कान्हेरीचा लेख सांगतो. ज्यांचा संहार केल्याची प्रौढी, त्यांचेच व्याही होण्याचा हा योग!

मग आद्य रहिवासी कोण? आपल्या जवळच बोरी येथे कुकडी नदीच्या काठी आदिमानवाची दगडी हत्यारे मिळाली आहेत. त्यांच्या काळाविषयी विद्वानांत मतभेद असला, तरी ती घडविणाऱ्या हातांना कूळ, ज्ञात किंवा देवक ठाऊक नव्हते, हे निश्चित. ‘आम्हीच पहिले’ असे म्हणण्याचा अधिकार त्या हत्यारांनी कोणासच ठेवलेला नाही.

याचा अर्थ वंशावळी जाळून टाकाव्यात असा नव्हे. पूर्वजांचे स्मरण हे कृतज्ञतेचे लक्षण आहे. कुलवृत्तान्त जपणे हे आपल्या संस्थेचे कर्तव्यच होय. मात्र स्मरण निराळे आणि त्यावरून दुसऱ्यास हीन लेखणे निराळे. ज्ञानेश्वरादी भावंडांच्या जन्मावर बोट ठेवून त्यांना शुद्धिपत्रासाठी पैठणास धाडले गेले. तेथे ज्याच्या मुखातून वेद वदविल्याची कथा आहे, त्या रेड्याची समाधी, परंपरेप्रमाणे, आपल्याच आळे गावी आहे. तिच्यापुढे मस्तक नमविणाऱ्याने कोणाच्या जन्माची चौकशी करताना दोनदा विचार करावा.

इरिल कोठून आला, हा वाद विद्वान खुशाल करोत. दोन टाकी त्याने दिली, एवढे मात्र दगडावर स्पष्ट लिहिले आहे. आपल्या तरुण पिढीने मूळ अवश्य शोधावे. परंतु पुढील पिढ्यांसाठी एखादे टाके आपल्याही नावावर राहील, अशी खटपट त्याहून अधिक करावी. इत्यलम्.