पुळणीवरची फौज



जपानच्या आरमाराचा विषय निघाला की आपल्याला त्सुशिमाची लढाई आठवते, पर्ल हार्बर आठवते, ‘यामातो’सारखी अजस्र युद्धनौका आठवते. आज मी त्या आरमाराच्या एका निराळ्याच अंगाविषयी बोलणार आहे. जहाजावरून होडीत, होडीतून गुडघाभर पाण्यात, आणि पाण्यातून बंदूक सावरीत परक्या पुळणीवर चढणारा जो खलाशी, त्याची ही हकीकत आहे. त्याच्या दलाला जपानी भाषेत ‘रिकुसेनताई’ म्हणत. जमिनीवर लढणारी तुकडी, असा त्याचा सरळ अर्थ. दुसऱ्याच्या किनाऱ्यावर चढून जाण्यासाठी हे दल निर्माण झाले, आणि त्याचा शेवट मात्र किनारे धरून बसण्यात, माघारीची वाट नसलेल्या बेटांवर झाला. हे कसे घडले ते पाहण्यासारखे आहे.

मेजी राजवटीच्या आरंभी जपानने आपले आरमार इंग्रजी वळणावर उभारले. इंग्रजांच्या जहाजांवर खलाशांखेरीज बंदूकधारी सैनिकांचे स्वतंत्र दल असे. तसेच दल जपाननेही काढले होते. पण १८७६ साली ते मोडण्यात आले. पुढे रीत पडली ती अशी की, प्रसंग पडला म्हणजे जहाजावरच्याच खलाशांना बंदुका द्यायच्या, त्यांच्या तुकड्या पाडायच्या, आणि काम झाले की परत जहाजावर घ्यायचे. तोफेला बत्ती देणारा गडी सकाळी पायदळाचा शिपाई होई आणि संध्याकाळी पुन्हा आपल्या तोफेपाशी जाई. १९०० साली चीनमध्ये बॉक्सरांचे बंड झाले, तेव्हा ताकूच्या किल्ल्यांवर चढून गेलेल्या परदेशी तुकड्यांत असेच जपानी खलाशी होते. थोड्या वेळासाठी थोडी माणसे उतरवायची, एवढीच त्यामागची कल्पना.

मोठी फौज उतरवायची तर ते काम भूदलाचे. १९०४ च्या फेब्रुवारीत कोरियातील चेमुल्पो बंदरात, रशियाची दोन जहाजे तेथेच नांगर टाकून उभी असताना, जपानी भूदलाने रात्रीत पलटणी उतरवल्या. येथेच या कथेतले मुख्य दुखणे सुरू होते. बेटांवर वसलेल्या या राष्ट्राला समुद्र ओलांडल्याशिवाय कोठलेही युद्ध करता येत नव्हते. तथापि समुद्र ओलांडून उतरण्याची विद्या कोणाच्या मालकीची, याचा निकाल तेथे कधी लागलाच नाही. नौदलाचे सारे लक्ष शत्रूच्या आरमाराशी होणाऱ्या एका निर्णायक लढाईकडे. सैनिकांची ने-आण हे त्याला हमालीचे काम वाटे. भूदलाला ती हमाली टाळता येत नव्हती. साहजिकच भूदलाने स्वतःची जहाजे, स्वतःच्या होड्या आणि स्वतःचे तांडेल बाळगायला सुरुवात केली. हिरोशिमाजवळचे उजिना बंदर हे त्याचे माहेर, आणि हिरोशिमाची पाचवी डिव्हिजन या विद्येत तरबेज.

या भूदलाने गॅलिपोलीचा अभ्यास मन लावून केला. १९१५ साली इंग्रज-फ्रेंचांनी तेथे, सावध बसलेल्या तुर्कांसमोर, उघड्या होड्यांतून माणसे उतरवली आणि त्यांची कत्तल झाली. जपान्यांनी त्यावरून धडा घेतला तो असा: रात्री उतरावे, शत्रू जेथे नाही तेथे उतरावे, एकाच वेळी अनेक ठिकाणी उतरावे, आणि होडी अशी असावी की तिच्यातून माणूस एका दमात बाहेर पडेल.

या शेवटच्या कलमातून जी होडी निघाली, तिच्यापाशी थोडे थांबायला हवे. तिचे नाव दाईहात्सु. ‘मोठी यांत्रिक होडी’ या अर्थाच्या शब्दाचे ते लघुरूप. लांबी सुमारे १४ मीटर, आत ७० च्या आसपास शिपाई मावत, किंवा एखादा हलका रणगाडा. साध्या होडीची नाळ टोकदार असते. शिपायाला तिच्या कडेवरून उडी टाकावी लागते, आणि पाठीवर ओझे असलेला माणूस उडी टाकताना किती वेळ उघडा पडतो हे कोणत्याही कोळ्याला विचारावे. दाईहात्सुची नाळच बिजागरीवर बसवलेली होती. होडी वाळूला लागली की ती पुढे आडवी पडे आणि तिचीच वाट होई. शिपाई तीवरून धावत बाहेर पडत. आज ही गोष्ट पोराटोरांनाही सुचेल अशी वाटते. पण १९३० च्या सुमारास ती इतर कोणत्याही सैन्याला या प्रमाणावर साधली नव्हती. या होड्या पोटात घालून नेणारे आणि पिछाडीच्या दारातून पाण्यात सोडणारे ‘शिन्शू मारू’ नावाचे जहाजही भूदलाने बांधवून घेतले. त्या जातीचे ते जगातले पहिले जहाज. मौज अशी की ते नौदलाचे नव्हतेच!

इकडे नौदलाच्या खलाशी-सैनिकांचे नशीब शांघायने बदलले. त्या शहरात परदेशी वसाहती होत्या, जपानी वस्तीही मोठी होती, आणि तिच्या रक्षणासाठी रिकुसेनताईचे कायमचे ठाणे बसले होते. १९३२ च्या २८ जानेवारीच्या रात्री ॲडमिरल शिओझावा यांनी या दलाला चापेइ भागात पुढे घातले. चिनी सैन्य एका धक्क्यात मागे हटेल, असा अंदाज होता. समोर एकोणिसावी रूट आर्मी होती; ती हटली नाही. गल्ल्यांतून, गच्च्यांवरून लढाई झाली आणि दोनेक हजार खलाशी तेथे अडकून पडले. विमानांनी दाट वस्तीवर बॉम्ब टाकले. कमर्शिअल प्रेस ही चीनमधली सर्वांत मोठी प्रकाशनसंस्था त्यात जळाली, आणि तिचे लाखो ग्रंथांचे पौर्वात्य ग्रंथालयही भस्मसात झाले. शेवटी भूदलाला बोलवावे लागले. १ मार्चला अकरावी डिव्हिजन यांगत्सेच्या काठी चिनी सैन्याच्या पिछाडीला उतरली, तेव्हा कोठे ही कोंडी फुटली.

यानंतर क्युरे, सासेबो, योकोसुका आणि मैझुरु या आरमारी तळांच्या नावाने ‘विशेष’ रिकुसेनताई कायमच्या उभ्या राहिल्या. १९३७ च्या ऑगस्टमध्ये शांघायला पुन्हा लढाई जुंपली. या वेळी काही हजार खलाशांनी जर्मनांनी शिकवलेल्या चिनी डिव्हिजनांसमोर भूदल येईपर्यंत दम धरला. होंगकौ भागातली त्यांची ठाण्याची इमारत एखाद्या युद्धनौकेसारखी वापरली गेली. किनारा धरून बसण्याची ही कामगिरी जपानात फार गाजली. माझ्या मते पुढच्या अनर्थाचे बीज या यशातच होते. मदत येईपर्यंत टिकायचे, हा शांघायचा धडा. पण तेथे मदत खरोखरच आली होती, ही गोष्ट पुढे विसरली गेली.

त्याच वर्षी शांघायजवळच्या एका जपानी उतरणीकडे व्हिक्टर क्रुलॅक नावाचा तरुण अमेरिकन लेफ्टनंट बोटीवरून पाहत होता. उघडणारी नाळ त्याच्या नजरेत भरली. त्याने छायाचित्रे काढली, अहवाल लिहिला आणि वॉशिंग्टनला धाडला. पुढे त्याने स्वतः सांगितल्याप्रमाणे, हे चीनमधल्या कोणा चक्रमाचे काम आहे अशा अर्थाचा शेरा मारून तो अहवाल कपाटात पडला होता. कचेऱ्या सर्वत्र सारख्याच! पण कागद जिवंत राहिला. अखेर न्यू ऑर्लिअन्सच्या अँड्र्यू हिगिन्स या होड्या बांधणाऱ्याच्या हाती ती कल्पना गेली, आणि हिगिन्सच्या होडीलाही पडणारी नाळ आली.

आता १९४१ च्या डिसेंबरकडे येऊ. पर्ल हार्बरवर पहिला बॉम्ब पडण्यापूर्वी सुमारे एक तास आधी, मलायातील कोटा भारूच्या पुळणीवर जपानी भूदलाच्या होड्या लागल्या होत्या. तेथे जपान्यांचा आवडता नियम मोडला, कारण समोर शत्रू होता. तो शत्रू म्हणजे आपली माणसे, १७ व्या डोग्रा रेजिमेंटची तिसरी पलटण. काँक्रीटच्या मोर्च्यांत बसलेल्या डोग्रांनी त्या काळोखात शेकडो जपानी शिपाई पाडले, विमानांनी एक वाहतूक जहाज पेटवले, आणि कित्येक मोर्च्यांतले डोग्रे अखेरपर्यंत लढले. त्या महायुद्धातील जपान-इंग्लंड संघर्षाची पहिली गोळी भारतीय शिपायांनी झेलली, हे आपल्याकडे फारसे सांगितले जात नाही.

रिकुसेनताईचे काम बेटांवर चालले होते. वेक बेटावर ११ डिसेंबरला तिची पहिली चढाई फसली. किनाऱ्यावरच्या तोफांनी आणि विमानांनी दोन विनाशिका बुडवल्या. २३ तारखेला पुन्हा चढाई झाली, तेव्हा गस्तीची दोन जहाजे सरळ किनाऱ्यावर घालून खलाशी उतरवावे लागले. जानेवारीत सेलेबीस बेटावर मेनाडोजवळ योकोसुकाच्या पहिल्या विशेष दलाचे छत्रीधारी सैनिक विमानांतून उतरले; जपानने प्रत्यक्ष युद्धात छत्रीधारी वापरले ते प्रथम तेथेच. १ मार्चच्या पहाटे जावाच्या बांतेन उपसागरात, अमेरिकन आणि ऑस्ट्रेलियन क्रूझरांवर सोडलेले ‘मोगामी’ या जपानी क्रूझरचे पाणतीर भरकटले आणि स्वतःच्याच जहाजांवर आदळले. बुडालेल्यांत ‘शिन्शू मारू’ होते, आणि तिच्यावरचे सेनापती इमामुरा काही तास समुद्रात तरंगत होते. दोन दलांनी एकमेकांकडे पाठ फिरवलेली असली की अपघातालाही असे रूप येते.

याच मार्चच्या २३ तारखेला जपानी अंदमानात उतरले. इंग्रजांची शिबंदी आधीच निघून गेली होती. पोर्ट ब्लेअरला प्रतिकार झाला नाही. ज्या सेल्युलर तुरुंगाचे नाव सावरकर बंधूंमुळे महाराष्ट्रातल्या घराघरांत पोचले होते, तो आता जपानी नौदलाच्या ताब्यात गेला. मुक्तिदाते म्हणून ज्यांच्याकडे पाहिले गेले, त्यांनी त्याच कोठड्यांत हेरगिरीच्या संशयाने भारतीयांना कोंडले. डॉ. दिवाणसिंग यांचा छळ होऊन १९४४ च्या जानेवारीत तेथे अंत झाला. नेताजींनी दोनच आठवड्यांपूर्वी, ३० डिसेंबरला, पोर्ट ब्लेअरला तिरंगा फडकवला होता. पुढे ३० जानेवारीला हंफ्रीगंज येथे ४४ जणांना गोळ्या घालण्यात आल्या. नेताजींविषयीचा आदर मनात ठेवूनच हे सांगितले पाहिजे, आणि सांगितले पाहिजे हे नक्की. आंबोन बेटावर लाहा येथे क्युरेच्या पहिल्या दलाने शरण आलेल्या सुमारे तीनशे ऑस्ट्रेलियन व डच सैनिकांना ठार केले, तेही १९४२ सालचेच. या दलाच्या शौर्याचे गोडवे गाणारी पुस्तके ही पाने गाळतात.

या दलाचा सेनापती म्हणून एकाच माणसाचे नाव घ्यायचे तर मी ओता मिनोरू यांचे घेईन. १९३२ च्या शांघायपासून ते रिकुसेनताईत होते. १९४२ च्या जूनमध्ये मिडवे बेटावर उतरणारे नौदलाचे पथक त्यांच्याच हाताखाली वाहतूक जहाजांवर बसले होते. विमानवाहू जहाजे बुडाली आणि ते पथक वाळू न पाहता परतले. त्या दिवसापासून वारे फिरले.

ऑगस्टअखेर न्यू गिनीतील मिल्न उपसागरात रिकुसेनताई उतरली खरी, पण ठरलेल्या जागेपासून कित्येक किलोमीटर पूर्वेला. समोर दोन-तीन कंपन्या असतील अशी खबर होती; प्रत्यक्षात दोस्तांची फौज नऊ हजारांच्या घरात होती. पाऊस असा की बरोबर आणलेले दोन रणगाडे चिखलात रुतले. सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात उरलेल्यांना रात्री जहाजावर घेऊन निघावे लागले. जपानी मोहीम किनाऱ्यावरून अशी सरळ परतवली गेली ती तेथे. ब्रह्मदेशात मार खाल्लेल्या आपल्या भारतीय सैन्याला त्या वार्तेने केवढा धीर आला, ते सेनापती स्लिम यांनी नमूद केले आहे.

मिल्नच्या खलाशांना निदान परत न्यायला जहाजे आली. तारावाला ती आली नाहीत. बेतिओ हे तेथले बेट पुरते चार किलोमीटर लांबही नाही. रिअर ॲडमिरल शिबाझाकी यांनी तेथे नारळाचे ओंडके, वाळू आणि काँक्रीट यांचे मोर्चे रचले; सासेबोचे सातवे विशेष दल त्यांच्या हाताखाली होते. तेथल्या आठ इंची तोफा सिंगापूरहून लुटून आणल्या अशी एक दंतकथा आहे. वस्तुतः त्या जपानने फार पूर्वी इंग्लंडकडून पैसे मोजून घेतल्या होत्या. २० नोव्हेंबर १९४३ रोजी समुद्रावरून होड्या आल्या. हिगिन्सच्या होड्या त्या, पडणाऱ्या नाळेच्या. ओहोटीचे पाणी इतके कमी होते की त्या प्रवाळाच्या बांधावरच अडकल्या, आणि अमेरिकन शिपाई छातीभर पाण्यातून गोळ्या झेलीत चालत आले. पट्ट्यांवर चालणाऱ्या उभयचर गाड्यांनी तो बांध ओलांडला म्हणून निभावले. चार दिवसांत सुमारे एक हजार अमेरिकन मेले. बेटावर पावणेपाच हजारांच्या आसपास माणसे होती, त्यांत सुमारे बाराशे कोरियन मजूर. जिवंत हाती लागले ते १२९ कोरियन आणि अवघे १७ जपानी.

१९४५ च्या फेब्रुवारीत मॅनिलाला, भूदलाचे सेनापती यामाशिता यांचा शहर सोडण्याचा मनोदय असताना, रिअर ॲडमिरल इवाबुची यांनी नौदलाची माणसे घेऊन शहर घराघरांतून लढवले. त्या लढाईत आणि कत्तलीत सुमारे एक लाख नागरिक मेले. आज्ञा कोणाची आणि सत्ता कोणाची, हा १८७६ पासून अनुत्तरित राहिलेला प्रश्न येथे एका शहराच्या जिवावर बेतला.

ओता यांची गाठ ओकिनावाला पडते. त्यांच्या हाताखाली आता दहाएक हजार माणसे होती. त्यांतली बहुतेक मजूर, कारागीर, विमाने नसलेले वैमानिकी कामगार. मोडक्या विमानांवरच्या तोफा उतरवून त्यांनी मोर्च्यांत बसवल्या होत्या. कुदळींनी खणलेल्या भुयारातून ६ जून १९४५ रोजी त्यांनी टोकिओला तार पाठवली. अशा वेळच्या तारांत सम्राटाचा जयजयकार असे. ओता यांनी लिहिले ते ओकिनावाच्या सामान्य रयतेविषयी: घरदार गेलेल्या म्हाताऱ्यांविषयी, जखमींची शुश्रूषा करणाऱ्या मुलींविषयी, आणि पुढील काळात या लोकांची विशेष काळजी घ्यावी अशी विनंती केली. १३ जूनला त्यांनी त्याच भुयारात आत्महत्या केली. पुढे दोन महिन्यांनी हिरोशिमावर अणुबॉम्ब पडला, तेव्हा किनाऱ्यावरचे उजिना बऱ्याच अंशी वाचले होते. भूदलाच्या जहाज-विभागाचे शिपाई आपल्या होड्या घेऊन शहरातल्या नद्यांतून वर गेले आणि जळालेली माणसे उचलू लागले.

युद्धानंतर जपानच्या राज्यघटनेने सैन्यच वर्ज्य ठरवले, १९५४ साली स्वसंरक्षण दले आली, आणि किनाऱ्यावर उतरणारे दल मात्र फार काळ निघाले नाही. ते निघाले मार्च २०१८ मध्ये. त्याचे ठाणे सासेबो शहरातील आइनोउरा येथे आहे, आणि त्याला देण्यात आलेल्या पट्ट्यांच्या गाड्या तारावाचा प्रवाळबांध ओलांडणाऱ्या अमेरिकन गाड्यांच्याच वंशातल्या आहेत. दल भूसेनेचे आहे. त्याला नेणारी मोठी जहाजे नौसेनेची.