पाकिटं सुटी सोडणारे पुझँ

टर्मिनलशी रोज झटापट करणाऱ्या प्रत्येकानं 'डॉट बॅशआरसी' ही फाइल पाहिलेली असते. त्यातलं 'आरसी' कुठून आलं हे शोधताना माझी लुई पुझँ या फ्रेंच इंजिनिअरशी गाठ पडली. १९६०च्या दशकात एमआयटीत असताना त्यांनी फाइलीतल्या कमांड ओळीनं चालवणारा 'रनकॉम' हा प्रोग्रॅम लिहिला. 'शेल' हा शब्दही त्यांचाच. एखाद्याचं करिअर एवढ्यावर भागलं असतं.

१९७०च्या दशकाच्या सुरुवातीला फ्रान्स सरकारनं त्यांच्याकडे 'सिक्लाद' नेटवर्कचं काम दिलं. आर्पानेटमध्ये पाकिटं क्रमानं आणि न हरवता पोचवायची जबाबदारी मधल्या यंत्रांवर होती. पुझँ म्हणाले, मधल्यांनी फक्त पुढं ढकलायचं. प्रत्येक पाकीट पोस्टकार्डासारखं सुटं जाईल, वाटेत हरवेलही. क्रम लावणं, हरवलेलं पुन्हा मागवणं हे दोन्ही टोकांच्या कॉम्प्युटरांनी बघावं. पाकिटं वाहणाऱ्या भागाचं नाव 'सिगाल', म्हणजे रातकिड्यासारखा किरकिरणारा कीटक. यंत्रांना स्पीकर जोडले होते आणि पाकीट गेलं की ते किरकिरायचे! (आमच्या सर्व्हर रूममध्ये नुसती पंख्यांची घरघर असते.)

पुझँ यांचे सहकारी जेरार ल लान १९७३मध्ये स्टॅनफर्डला व्हिंट सर्फ यांच्याकडे गेले. १९७४मध्ये सर्फ आणि बॉब कान यांचा टीसीपीचा निबंध आला, त्यात सिक्लादचा विचार मुरलेला होता.

मायदेशी मात्र टपाल-दूरसंचार खात्याला फोनसारखी आधी वाट राखून ठेवणारी पद्धत हवी होती. १९७६मध्ये तिचं एक्स.२५ हे प्रमाण ठरलं, १९७८मध्ये त्यावर चालणारं ट्रान्सपॅक सुरू झालं. सिक्लादचे पैसे आटले आणि १९८१मध्ये ते बंद पडलं. त्या खात्याला मूर्ख ठरवणं सोपं आहे, पण ट्रान्सपॅकवरच्या मिनिटेलनं वेबच्या कितीतरी आधी लाखो फ्रेंच घरांत स्क्रीन नेला. अडचण वेगळी होती. तिथं मधलं नेटवर्क ज्याचं, त्याच्या मर्जीनंच नवं काही सुरू व्हायचं. व्हॉट्सॲपनं कॉल सुरू करताना टेलिकॉम कंपन्यांची परवानगी घेतली नव्हती. पुझँ यांच्या आग्रहाची किंमत मला तिथं कळते.

२०१३मध्ये सर्फ, कान, टिम बर्नर्स-ली आणि मार्क अँड्रीसन यांच्यासोबत त्यांना क्वीन एलिझाबेथ पारितोषिक मिळालं. तोवर ते वेगळ्याच भांडणात होते: इंटरनेटचे पत्ते फक्त रोमन लिपीत का? २०१४मध्ये आपल्याकडे देवनागरीत 'डॉट भारत' आलं. मध्यंतरी मी एका फॉर्ममध्ये देवनागरी ईमेल पत्ता टाकून पाहिला. 'कृपया वैध पत्ता टाका' असं उत्तर आलं, तेही मराठीत.