मनोहर श्याम जोशी : कादंबरीकार ते मालिकालेखक

आधुनिक हिंदी कादंबरीला नवी भाषा देणारे मनोहर श्याम जोशी हे भारतीय दूरचित्रवाणी मालिकेचे जनक म्हणूनही ओळखले जातात. साहित्यवर्तुळात मान मिळाल्यानंतर ते लोकप्रिय माध्यमाकडे वळले आणि दोन्हीकडे त्यांनी आपली मुद्रा उमटवली. 'मालिका लिहिणारा साहित्याला मुकतो' या समजुतीची कसोटी त्यांच्या कारकिर्दीवर घेता येते.

कुमाऊंशी नाते असलेल्या कुटुंबात ९ ऑगस्ट १९३३ रोजी अजमेर येथे त्यांचा जन्म झाला. आकाशवाणी आणि फिल्म्स डिव्हिजन येथील अनुभवानंतर ते पत्रकारितेत स्थिरावले व 'साप्ताहिक हिंदुस्तान'चे संपादक झाले. पहिली कादंबरी, 'कुरु कुरु स्वाहा', प्रसिद्ध झाली ती १९८० साली, वयाच्या सत्तेचाळिशीच्या सुमारास. तिची पार्श्वभूमी मुंबईची आहे. १९८२ मधील 'कसप' ही कुमाऊंनी बोलीचा गंध असलेली प्रेमकथा. कुमाऊंनीत 'कसप' म्हणजे 'कोण जाणे'. संवादांवर पेलले जाणारे कथन आणि माणसागणिक बदलणारी बोली ही या लेखनाची बलस्थाने होती. मालिकेसाठी नेमकी तीच कामी आली.

तत्कालीन माहिती व नभोवाणी मंत्री वसंत साठे यांच्या मेक्सिको भेटीनंतर तेथील बोधपर मालिकांच्या धर्तीवर दूरदर्शनसाठी मालिका करण्याची कल्पना पुढे आली. लेखनाची जबाबदारी जोशी यांच्याकडे, तर दिग्दर्शन पी. कुमार वासुदेव यांच्याकडे सोपवण्यात आले. ७ जुलै १९८४ रोजी 'हम लोग' सुरू झाली. कुटुंबनियोजनाचा उपदेश प्रारंभीच्या भागांत इतका ठळक होता, की प्रेक्षक कंटाळले. तेव्हा उपदेशाला कात्री लावून बसेसर राम, भागवंती, बडकी, लल्लू, नन्हे या निम्नमध्यमवर्गीय घरातील माणसांना पुढे आणण्यात आले आणि मालिकेचे नशीब पालटले. प्रत्येक भागाच्या अखेरीस अशोक कुमार प्रेक्षकांशी बोलत. लाखो पत्रे आली. बडकीचे लग्न हा घराघरांत चर्चेचा विषय झाला. दीडशेहून अधिक भागांनंतर १७ डिसेंबर १९८५ रोजी मालिका संपली. प्रायोजित मालिकांच्या युगाची नांदी तिनेच केली.

पाठोपाठ रमेश सिप्पी व ज्योती सरूप दिग्दर्शित 'बुनियाद' १९८६ मध्ये आली. लाहोरच्या मास्टर हवेलीराम यांच्या कुटुंबाच्या निमित्ताने तिने फाळणीची जखम सांगितली. 'हम लोग'मध्ये गल्लीतले घर होते, येथे तीन पिढ्यांचा इतिहास होता. 'कक्काजी कहिन'मध्ये ओम पुरी यांच्या तोंडून राजकारण्यांची खिल्ली उडाली, तर 'मुंगेरीलाल के हसीन सपने'मध्ये रघुवीर यादव यांचा स्वप्नाळू कारकून गाजला. 'हे राम'च्या हिंदी आवृत्तीचे संवादही जोशी यांचेच. 'पटकथा लेखन : एक परिचय' या पुस्तकात त्यांनी या कलेचे तंत्र नवोदितांसाठी मांडले.

मालिकालेखनात त्यांची उमेदीची वर्षे गेली, हे खरे. पूर्वनियोजित उपदेश, प्रायोजक आणि आठवड्यागणिक भाग देण्याचा तगादा यांत लेखकाचे स्वातंत्र्य आक्रसते. परंतु त्यांची लेखणी बोथट झाली नाही. पुढे 'ट-टा प्रोफेसर', 'हरिया हरक्युलीज की हैरानी', 'हमजाद' या कृती आल्या. 'क्याप' या कादंबरीला २००५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्यानंतर काही महिन्यांतच, ३० मार्च २००६ रोजी, दिल्ली येथे त्यांचे निधन झाले.

सामान्य माणसाच्या बोलण्याला वाङ्मयीन प्रतिष्ठा देणे, हे त्यांच्या कादंबऱ्यांचे आणि मालिकांचे समान सूत्र होते. माध्यम बदलले तरी ऐकण्याचा कान तोच राहिला. म्हणूनच साहित्याचा अभ्यासक आणि मालिकेचा प्रेक्षक, दोघेही त्यांना आपलेच मानतात.