बाना आणि मोहाचे पात्र

रायपूर शहराच्या जुन्या वस्तीत, बुढातालावापासून फार दूर नाही अशा ठिकाणी, ब्राह्मणपारा नावाचा मोहल्ला आहे. छत्तीसगढी भाषेतील 'पारा' म्हणजे आपल्याकडील पाडा किंवा आळी. नागपूरकर भोसल्यांचा सेनानी भास्करपंत १७४१ मध्ये या प्रांतात उतरला. पुढे बिंबाजी भोसले यांनी १७५८ पासून १७८७ पर्यंत रतनपुरास राहून येथे राज्य केले. आणि १८१८ मध्ये इंग्रज अधीक्षकाने राज्यकारभाराचे ठाणे रतनपुराहून रायपुरास हलविले. या घडामोडींबरोबर मराठी कुटुंबे थोडीथोडी या बाजूस आली आणि शहराच्या जुन्या मोहल्ल्यांतून स्थिरावली. दफ्तर, हिशेब आणि विद्या ही त्यांची साधने होती. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात ब्राह्मणपाऱ्यात आनंद समाज वाचनालय निघाले. त्यापूर्वीच, १९०० साली, माधवराव सप्रे यांनी पेंड्रा येथून 'छत्तीसगढ मित्र' हे हिंदी मासिक सुरू केले होते, आणि रायपूरचे वामनराव लाखे त्याचे प्रकाशक होते. अक्षरांची अशी आस्था असलेल्या या नगरात वाचनालयाच्या कपाटांपर्यंत न पोचलेली एक विद्या मात्र शहराबाहेर थोड्याच कोसांवर नांदत होती. ती रानातल्या गीतांची विद्या होय. ती कोणी लिहून ठेवलेली नव्हती. एका वाद्याच्या आणि एका मद्यपात्राच्या आधाराने ती पिढ्यानुपिढ्या चालत आली होती.

या प्रदेशातून पूर्वीही प्रवासी गेले. १७९५ साली जेम्स ब्लंट नावाचा इंग्रज लष्करी अधिकारी चुनारहून निघून रतनपूर, रायपूर व कांकेर या मार्गाने दक्षिणेकडे गेला. बस्तरच्या सीमेवर गोंडांनी विरोध केल्यामुळे त्याला मार्ग बदलावा लागला. ब्लंट वाट मोजावयास आला होता. मोजणीसाठी आलेल्या माणसापुढे कोणी गात नाही. गीत ऐकावयाचे, तर वाटसरूला थांबावे लागते. तसे थांबणारा माणूस यावयास आणखी सुमारे एकशे सदतीस वर्षे लागली, आणि त्यात अभिमानाची गोष्ट अशी की, थांबलेल्या दोघांपैकी एक मराठी होता.

शामराव हिवाळे हे पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघातील तरुण कार्यकर्ते. त्याच संघात १९२७ साली ऑक्सफर्डचा एक विद्वान धर्मोपदेशक, व्हेरियर एल्विन, येऊन दाखल झाला होता. १९३२ च्या प्रारंभी हे दोघे मंडला जिल्ह्यातील करंजिया या गोंड गावी राहावयास गेले. हा मुलूख मैकल पर्वताचा. डोंगर उतरला की पलीकडे छत्तीसगडचे भाताचे मैदान लागते. शाळा आणि दवाखाना चालवीत असता या दोघांनी गीते गोळा केली. १९३५ साली त्यांचा गोंड गीतांचा पहिला इंग्रजी संग्रह निघाला, आणि १९४४ साली मैकल टेकड्यांतील लोकगीतांचा मोठा संग्रह प्रसिद्ध झाला. एल्विन यांची कीर्ती पुढे सर्वत्र पसरली. शामरावांचे नाव मात्र त्या कीर्तीच्या सावलीतच राहिले. परंतु १९४६ साली त्यांनी एकट्याने लिहिलेला, नर्मदेच्या उगमाकडील परधानांविषयीचा ग्रंथ हा या विषयावरील मूलभूत ग्रंथ होय.

परधान म्हणजे गोंडांचे भाट. विदर्भातही त्यांची वस्ती आहे. परधानाचे वाद्य बाना. लाकडी खोक्यावर कातडे मढविलेले, घोड्याच्या केसांच्या तीन तारांचे आणि गजाने वाजविण्याचे हे वाद्य. परधान ठरावीक वर्षांनी आपल्या गोंड यजमानाच्या दारी जातो, बडादेवाची कथा आणि गोंड राजांचे पराक्रम गातो, व यजमान त्याला धान्य, वस्त्र, कधी गुरेढोरे देतो. बडादेवाचा वास साजाच्या झाडात. तोच देव गायनाच्या वेळी बान्यात येतो, अशी श्रद्धा आहे. म्हणून बाना हातात घेण्यापूर्वी मोहाच्या दारूचे थेंब शिंपून देवाला नैवेद्य दाखवावयाचा, आणि मगच गजाने तार छेडावयाची. पहिला घोट देवाचा, दुसरा पूर्वजांचा, आणि माणसाचा क्रम त्यानंतर. या क्रमात दारू गायनाच्या आधी येते ती गायकाला धुंदी यावी म्हणून नव्हे. देवाला बोलाविण्याचा तो विधी आहे.

ती दारू होते कशी, हेही पाहण्यासारखे आहे. फाल्गुन-चैत्रात मोहाची मांसल फुले पहाटे टपटप गळतात. झाडाखालचा पाचोळा आधीच झाडून किंवा जाळून जागा स्वच्छ केलेली असते. बायका आणि मुले उजाडण्यापूर्वीच टोपल्या घेऊन तेथे पोचतात. वेचलेली फुले उन्हात सुकवून साठवितात. त्यांत साखरेचा अंश मोठा असल्यामुळे टंचाईच्या दिवसांत ती अन्न म्हणूनही उपयोगी पडतात. दारूसाठी फुले पाण्यात भिजत घालून काही दिवस आंबू देतात. हा सडवा मडक्यात भरून चुलीवर चढवितात, आणि त्याची वाफ बांबूच्या नळीने थंड पाण्यात ठेवलेल्या दुसऱ्या मडक्यात उतरवितात. मोहाशिवाय अन्य पेयेही या प्रांतात आहेत. बस्तरात सल्फी, म्हणजे कोकणातील भेर्ली माडाचा रस, पितात; तेथेच तांदळाचा लांदा करतात; आणि सरगुजा-जशपूरकडे उरांव लोक रानमुळ्या व तांदळाचे पीठ यांपासून केलेली रानूची गोळी शिजलेल्या भातात मिसळून हंडिया आंबवितात. सल्फीचा रस आपोआप आंबतो. भाताला मात्र आंबविण्यासाठी साहाय्य लागते. तांदळात साखर आयती नसते. पिष्टाची साखर करणारे सूक्ष्म जीव त्या रानूच्या गोळीत असतात.

याच तत्त्वावर पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला एक फार नामांकित मद्य उभे आहे, आणि मैकलच्या परधानांपैकी एकाचे नाव दैवयोगाने त्या भूमीशी जोडले गेले आहे. शामराव आणि एल्विन करंजियानंतर पाटणगढ या गावी राहिले. त्याच पाटणगढात जन्मलेला जनगढ सिंह श्याम हा परधान तरुण १९८० नंतर भोपाळच्या भारत भवनात चित्रकार म्हणून पुढे आला. यजमानाचे अंगण विरळ होत चालले होते. बान्यावरची दैवते जनगढने कागदावर उतरविली. पुढे तो जपानातील नीगाता प्रांतात, मिथिला कलेच्या संग्रहालयात, चित्रे काढण्यासाठी गेला, आणि २००१ साली तेथेच, घरापासून दूर, त्याचा मृत्यू झाला. नीगाता हा विलक्षण हिमवर्षावाचा प्रदेश. त्याचे जुने नाव एचिगो. तांदूळ आणि साके या दोन गोष्टींसाठी तो जपानात प्रसिद्ध आहे. शेते बर्फाखाली गेली की येथील शेतकरी टोळ्या करून परगावच्या मद्यशाळांत कामाला जात. टोळीच्या प्रमुखाला 'तोजी' म्हणत.

साके करताना कांडलेला तांदूळ धुऊन वाफवितात, त्यातील काही भागावर 'कोजी' नावाची बुरशी पेरून उबदार खोलीत दोन दिवस वाढवितात, मग पाणी, भात आणि यीस्ट यांच्याबरोबर ती टप्प्याटप्प्याने मिसळतात, आणि अखेरीस आंबलेला लगदा पिळून द्रव वेगळा करतात. यंत्रे आणि घड्याळे येण्यापूर्वी या प्रत्येक कामाचे गीत वेगळे होते. तांदूळ धुण्याचे गीत निराळे, विरजणाचा लगदा घोटण्याचे निराळे. गीताची अमुक इतकी कडवी झाली की तेवढा वेळ घोटणे झाले, असा हिशेब असे. थंडीत सर्वांचे हात एका लयीत चालत, आणि झोपही दूर राही. तयार झालेल्या मद्याचा पहिला मान देवालयाचा. 'मिकी' या नावाने ते देवापुढे ठेवतात. आज मद्यशाळा पाहावयास जाणाऱ्या प्रवाशाला साके चाखावयास मिळते; कामगारांची गीते मात्र मुख्यतः ती जतन करणाऱ्या मंडळांकडून ऐकावी लागतात. यंत्र आले आणि गीताचे काम संपले.

परंतु केवळ यंत्रानेच ही ताटातूट केली, असे म्हणता येणार नाही. त्यात राज्यसंस्थेचाही हात होता, आणि या बाबतीत जपान व मध्यप्रांत यांचा इतिहास आश्चर्य वाटावे इतका समांतर आहे. १८९४-९५ च्या चीनबरोबरच्या युद्धानंतर लष्करी खर्च भागविण्यासाठी जपानी सरकारने मद्यावरील कर वाढविले, आणि १८९९ साली घरगुती मद्य गाळण्यास पूर्ण बंदी केली. खेड्यातील गढूळ घरगुती मद्य, ज्याला 'दोबुरोकु' म्हणतात, एका दिवसात गुन्हा ठरले. मद्यकर हे त्या काळात सरकारी उत्पन्नाचे अग्रगण्य साधन बनले. इकडे मध्यप्रांतात आबकारी खात्याने अशीच वाट चोखाळली. प्रारंभी ठरावीक टापूत दारू गाळून विकण्याचा मक्ता लिलावाने दिला जाई. पुढे सरकारी देखरेखीखालील मोठ्या भट्ट्यांतून पुरवठा करण्याची पद्धत वाढत गेली, आणि १९१५ साली मध्यप्रांताचा आबकारी कायदा झाला. मोहाचे झाड गोंडाच्या शेतात, फुले वेचणारी त्याची बायको, आणि दारू मात्र कलालाच्या गुत्त्यातून विकत घ्यावयाची, अशी परिस्थिती पुष्कळ गावी निर्माण झाली. घरी गाळली तर दंड; गुत्त्यावर घेतली तर कर्ज. खात्याच्या नोंदवहीत गॅलन होते, लिलावाची रक्कम होती. बडादेवासाठी शिंपडलेल्या थेंबांना तीत रकाना नव्हता.

असे असता दारूची बाजू घेणे हा या कथेचा हेतू समजू नये. दारूने झालेला नाश खरा होता, आणि तो सर्वांत आधी ओळखला तो छत्तीसगडच्याच संतांनी. १७५६ साली जन्मलेल्या गुरू घासीदासांनी सतनामाचा उपदेश करताना मद्य आणि मांस वर्ज्य केले. तरीही त्यांचे अनुयायी गाण्याला मुकले नाहीत. मांदर आणि झांजेच्या ठेक्यावरचे त्यांचे पंथी नृत्य छत्तीसगडच्या उत्कृष्ट कलांत गणले जाते. १९५१ साली सरगुजात राजमोहिनी देवी या आदिवासी स्त्रीने दारू सोडण्याची चळवळ उभारली, आणि हजारो कुटुंबांनी तिचे ऐकले. १९८९ साली तिला पद्मश्री देण्यात आली. उलट सरकारने १९३८ साली मध्यप्रांत-वऱ्हाडात दारूबंदीचा कायदा केला, तेव्हा आदिवासींवर अशी बंदी लादण्यास एल्विन यांचा विरोध होता. तसे केल्यास गावात शिपायाचा उपद्रव तेवढा वाढेल आणि विधी मोडतील, असे त्यांचे म्हणणे.

घासीदास, राजमोहिनी आणि एल्विन यांचे विचार वरवर परस्परविरुद्ध दिसतात. परंतु खोलात शिरल्यास एक सूत्र सापडते. ज्यांनी स्वतःच्या निश्चयाने पात्र दूर केले, त्यांचे गीत टिकले. ज्यांनी विधी म्हणून पात्र ठेवले, त्यांचेही टिकले. ज्यांच्या हातून पात्र लिलावात गेले, त्यांच्या पदरी मात्र विधीवाचूनची दारू उरली. वाद्याला आणि गाण्याला धोका पात्रापासून नव्हता; पात्राविषयीचा निर्णय गावाबाहेर गेल्यापासून होता.

पुढील काळात दोन्ही देशांत या चुकीची अंशतः दुरुस्ती झाली. जपानात शिराकावा खोऱ्यातील देवालयांना शरदातील उत्सवासाठी परवान्याने दोबुरोकु करण्याची मुभा मिळाली, आणि २००३ पासून विशेष क्षेत्रे ठरवून तेथील शेतकऱ्यांनाही ती देण्यात आली. भारतात संविधानाच्या ४७ व्या अनुच्छेदाने मद्यनिषेधाचे ध्येय राज्यापुढे ठेवले. तर १९९६ च्या कायद्याने अनुसूचित क्षेत्रातील मादक पदार्थांचे नियमन किंवा निषेध यांविषयीचे अधिकार ग्रामसभेपर्यंत नेले. ग्रामसभा मोहाची भट्टी ठेवील किंवा राजमोहिनी देवीच्या वाटेने जाईल. पण जे ठरेल ते गावाने ठरविलेले असेल, ही त्यातील कल्पना. ती किती गावांत उतरली, हा प्रश्न निराळा. तथापि तत्त्व कायद्यात आले, हे थोडके नाही. कोजीने साके करण्याच्या पारंपरिक विद्येला २०२४ साली युनेस्कोने मानवजातीच्या वारशात स्थान दिले. रानूची गोळी वळणाऱ्या उरांव स्त्रीची विद्या जातीने तीच आहे.

एल्विन १९६४ साली वारले, शामराव १९८४ साली. रायपूर २००० साली नव्या छत्तीसगड राज्याची राजधानी झाले. ब्राह्मणपाऱ्यातून निघालेला वाटसरू आजही चार-पाच तासांत मैकलच्या पायथ्याशी पोचतो. चैत्राच्या पहाटे तेथे मोहाची फुले पूर्वीप्रमाणेच गळत असतात. एखाद्या अंगणात बाना निघालाच, तर त्याने घाई करू नये. परधान आधी थेंब शिंपील, मग गज हाती घेईल. आणि तार वाजेपर्यंत पाहुण्याने उंबऱ्याबाहेर स्वस्थ बसून राहावे, हीच तेथली रीत आहे.