नोकरी गेल्याचा पुरावा कोणाच्या हाती? तारापूर, विसापूर आणि बेकारी भत्त्याचा इतिहास

२० ऑगस्ट २०२०. कर्मचारी राज्य विमा महामंडळाच्या, म्हणजे कामगारांच्या बोलीतल्या 'ईएसआय'च्या, बैठकीत एक निर्णय झाला. टाळेबंदीच्या काळात ज्या विमाधारक कामगारांची नोकरी गेली, त्यांना सरासरी मिळकतीच्या निम्म्या दराने ९० दिवसांपर्यंत भत्ता मिळणार होता. चर्चा झाली ती या 'निम्म्या पगारा'ची. इतिहासाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाची असलेली दुसरी तरतूद मात्र दुर्लक्षित राहिली : कामगाराला आपला दावा यापुढे जुन्या मालकामार्फत पाठवावा लागणार नव्हता. तो थेट महामंडळाच्या शाखा कार्यालयात देता येणार होता.

ज्याने कामावरून काढले, त्याच्याच सहीने 'याला काढले' हे सिद्ध करायचे, असा तोवरचा नियम होता. ही व्यवस्था आली कुठून?

हा प्रश्न समजून घ्यायला पालघरइतका सोयीचा जिल्हा महाराष्ट्रात क्वचितच असेल. १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाण्यातून वेगळा झालेला हा राज्याचा ३६ वा जिल्हा. पश्चिमेला लोहमार्गालगत तारापूर औद्योगिक क्षेत्र आहे. नाव तारापूरचे, पण स्थानक, बाजारपेठ आणि कामगारांच्या खोल्या बोईसरच्या. रसायने, औषधे, पोलाद, कापड असे नाना उद्योग तेथे आहेत आणि जवळच १९६९ पासून वीज देणारे अणुऊर्जा केंद्र आहे. पूर्वेला जव्हार, मोखाडा, विक्रमगड हे आदिवासी तालुके, जिथली कुटुंबे भातकापणीनंतर वीटभट्ट्यांवर आणि बांधकामांवर जगायला जातात. बेकारीविषयी महाराष्ट्राने केलेले दोन अगदी वेगळे विचार या एकाच जिल्ह्यात शेजारी शेजारी नांदतात.

आरंभ मात्र दूर, इंग्लंडमध्ये करावा लागतो.

१९११ च्या राष्ट्रीय विमा कायद्याने ब्रिटनमध्ये काही निवडक धंद्यांतील कामगारांसाठी सक्तीचा बेकारी विमा आणला. जानेवारी १९१३ पासून आठवड्याला सात शिलिंग, वर्षाला फार तर पंधरा आठवडे, असा भत्ता सुरू झाला. त्यातील एक साधी युक्ती लक्षात ठेवण्याजोगी आहे. कामगाराची विमा पुस्तिका नोकरीभर मालकाकडे असे आणि तो तीत तिकिटे चिकटवी. नोकरी सुटली की पुस्तिका कामगाराला परत. ती घेऊन त्याने सरकारी रोजगार केंद्रात जमा करायची. पुस्तिका हातात आली, हाच नोकरी सुटल्याचा पुरावा. निराळे प्रमाणपत्र मागायला कोणाच्या दारी जाण्याचे कारण नव्हते.

१९१९ मध्ये वॉशिंग्टनला आंतरराष्ट्रीय कामगार परिषदेचे पहिले अधिवेशन भरले. भारतीय कामगारांचे प्रतिनिधी म्हणून तेथे गेले होते ना. म. जोशी, कुलाबा जिल्ह्यातील गोरेगावचे आणि मुंबईच्या सोशल सर्व्हिस लीगचे संस्थापक. त्या अधिवेशनाने बेकारीविषयी एक करार संमत केला. मोफत सरकारी रोजगार केंद्रे काढणे हे त्याचे मुख्य बंधन. भारत सरकारने १९२१ मध्ये तो मान्य केला, केंद्रे फारशी काढली नाहीत आणि १९३८ मध्ये करारातून अंगच काढून घेतले. दरम्यान १९३१ मध्ये व्हिटली आयोगाने आपला अहवाल दिला होता. जोशी त्या आयोगाचे सदस्य होते. भारतातील कामगार सतत गावाकडे ये-जा करतो, एका जागी टिकत नाही, त्यामुळे बेकारी विमा येथे व्यवहार्य नाही, असा आयोगाचा निष्कर्ष होता. बेकार झालेल्याला गाव सांभाळील, हे यातले गृहीतक. गाव सांभाळू शकत नाही म्हणून तो शहरात आला होता, याची नोंद त्या युक्तिवादात कुठेच नाही.

पुढचा टप्पा दुसऱ्या महायुद्धातला. व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात १९४२ ते १९४६ या काळात मजूर खाते डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे होते. याच काळात प्रा. बी. पी. आडारकर यांच्याकडे औद्योगिक कामगारांच्या आरोग्य विम्याची योजना सोपवली गेली. १९४४ मध्ये त्यांचा अहवाल आला, आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेच्या स्टॅक आणि राव या तज्ज्ञांनी तो तपासला आणि त्यातून १९४८ चा कर्मचारी राज्य विमा कायदा उभा राहिला. २४ फेब्रुवारी १९५२ रोजी कानपूर आणि दिल्ली येथे योजना सुरू झाली. नागपूर आणि मुंबईत ती १९५४ मध्ये आली. आजारपण, बाळंतपण, कामावरील अपघात, अपघाती मृत्यू झाल्यास वारसांना निर्वाहभत्ता, असे सारे त्यात होते. बेकारी तेवढी नव्हती. राज्यघटनेच्या ४१ व्या अनुच्छेदात बेकारीत सार्वजनिक साहाय्य मिळण्याचा उल्लेख आहे, पण तो मार्गदर्शक तत्त्वांत; न्यायालयात जाऊन मागण्याजोगा नव्हे.

जे मिळाले ते औद्योगिक विवाद कायद्याच्या १९५३ मधील दुरुस्तीने, आणि ते विम्याऐवजी मालकाच्या तिजोरीतून. काम तात्पुरते थांबले, म्हणजे 'ले-ऑफ' झाला, तर मूळ पगार व महागाई भत्त्याच्या निम्मी रक्कम, साधारणपणे वर्षात ४५ दिवसांपर्यंत. कायमची कपात झाली तर प्रत्येक पूर्ण वर्षामागे १५ दिवसांचा पगार. ले-ऑफची भरपाई ५० हून कमी कामगारांच्या कारखान्याला लागू नव्हती. आणि ती 'बदली' कामगारालाही नव्हती. गिरणगावातला हा शब्द इंग्रजी कायद्याच्या मजकुरात जसाच्या तसा बसला आहे. आपल्या भाषेतील एखादा शब्द कायद्यात गेल्याचा आनंद व्हावा, तर तो गेला आहे वगळण्याच्या यादीत! सलग एक वर्षाची सेवा पूर्ण झाल्यावरच बदलीवाला कायद्याच्या नजरेत 'बदली' राहत नसे. सेवा सलग होती हे ठरायचे हजेरीपटावरून, आणि हजेरीपट मालकाकडे.

१८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरण्यांतील सुमारे अडीच लाख कामगार डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संपावर गेले. तो संप औपचारिकपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. संपकरी हा कायद्याच्या भाषेत बेकार नसतो. त्यामुळे देशातील सर्वांत मोठ्या औद्योगिक बेकारीच्या वेळी बेकारीविषयीचा एकही कायदा त्या चाळींच्या उपयोगी पडला नाही.

आता दुसरी वाट. ती मुंबईतून निघत नाही. सांगली जिल्ह्यातून निघते.

तासगाव तालुक्यातील विसापूर परिसरात १९६५ च्या सुमारास वि. स. पागे यांनी एक प्रयोग मांडला. पागे तेव्हा विधान परिषदेचे सभापती होते. त्यांचा विचार असा, की बेकाराला पैसे देण्याऐवजी तो मागेल तेव्हा काम द्यावे आणि त्या कामातून गावाची माती आणि पाणी सुधारावे. १९७२ च्या दुष्काळाने या विचाराची कठोर परीक्षा घेतली. १९७३ च्या मे महिन्यात राज्यातील दुष्काळी कामांवर जवळजवळ ५० लाख माणसे होती. खडी फोडणारी, पाझर तलावांची माती वाहणारी. वसंतराव नाईक मुख्यमंत्री असताना योजना राज्यभर आली, १९७७ मध्ये रोजगार हमी कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. 'मागेल त्याला काम' ही त्याची ओळख.

या कायद्यात बेकारी भत्ताही होता. काम मागितल्यापासून १५ दिवसांत मिळाले नाही, तर दिवसाला किमान एक रुपया. रक्कम क्षुल्लक होती, तत्त्व क्षुल्लक नव्हते. येथे बेकारी सिद्ध करायची नव्हती. पूर्वी कुठे काम करत होता, का सुटले, मालकाचे काय म्हणणे आहे, यातले काहीही विचारले जात नव्हते. अंगमेहनतीचे काम मागणे हाच बेकारीचा पुरावा मानला गेला. २००५ मध्ये संसदेने केलेल्या ग्रामीण रोजगार हमी कायद्याने हेच तत्त्व देशभर नेले. भत्ता पहिल्या ३० दिवसांसाठी मजुरीच्या किमान चौथा हिस्सा आणि त्यानंतर निम्मा झाला. महाराष्ट्रात कामाची मागणी 'नमुना ४' वर करायची आणि तारीख घातलेली पोच 'नमुना ५' वर घ्यायची. १५ दिवसांचे घड्याळ त्या तारखेपासून चालू होते. म्हणूनच पोच मिळवणे हीच अनेक गावांत खरी लढाई ठरली. भत्त्याचा बोजा राज्यावर आहे, आणि पोच दिली नाही तर बोजाही नाही. तरीही या कागदाची एक गोष्ट निराळी राहतेच : तो मजुराच्या स्वतःच्या हातात येतो.

या हमीचा खर्च भागवण्यासाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर आला. तारापूरच्या कारखान्यात दहा हजारांहून अधिक पगार घेणाऱ्या पुरुष कामगाराच्या वेतनचिठ्ठीत दरमहा २०० रुपये आणि फेब्रुवारीत ३०० रुपये कापले जातात, ते याच कराचे. म्हणजे बोईसरचा कामगार मोखाड्याच्या मजुराच्या कामाच्या हमीसाठी कर भरत आला. त्याच्या स्वतःच्या नोकरीची अशी हमी कोणी घेतली नव्हती.

कारखान्यातील कामगारासाठी पहिली बेकारी भत्ता योजना आली १ एप्रिल २००५ रोजी : राजीव गांधी श्रमिक कल्याण योजना. तीही ईएसआयमार्फतच. कारखाना बंद पडला, कायदेशीर कपात झाली किंवा कामाबाहेरच्या कारणाने ४० टक्के वा अधिक कायमचे अपंगत्व आले, तरच भत्ता. आरंभी पाच वर्षांच्या अंशदानाची अट आणि सहा महिन्यांची मर्यादा होती. दोन्ही पुढे सैल झाल्या. अडचण वेगळीच होती. छोट्या कारखान्यांत फाटकावर कुलूप लागते, पण 'क्लोजर' कागदावर येतोच असे नाही. कामगाराकडून राजीनामा लिहून घेतला, की कपात झालीच नाही असे ठरते. तारापूरसारख्या रासायनिक पट्ट्यात आणखी एक प्रकार संभवतो : प्रदूषण नियंत्रण मंडळाचा उत्पादन बंद करण्याचा आदेश. केंद्रीय मंडळाच्या २०१८ च्या प्रदूषण निर्देशांकात तारापूर ९३.६९ गुणांसह देशात सर्वांत वर होते, तेव्हा असे आदेश येथे अनपेक्षित नव्हेत. आदेशाच्या दिवशी कामगाराचे काम थांबते, पण नोकरी गेलेली नसते. तो नोकरदारही नाही आणि बेकारही नाही.

१ जुलै २०१८ पासून अटल बीमित व्यक्ती कल्याण योजना आली. दोन वर्षांच्या प्रयोगासाठी सुरू झालेली ही योजना पुढे मुदतवाढींवर चालत राहिली. मूळ अटी पाहाव्यात : दोन वर्षांची विमापात्र नोकरी, चारही सहामाहींत प्रत्येकी किमान ७८ दिवसांचे अंशदान, आयुष्यात एकदाच लाभ, तोही मिळकतीच्या २५ टक्के. दावा करायचा बेकार होऊन ९० दिवस लोटल्यावर. अर्ज ऑनलाइन भरायचा, छापून काढायचा, सोबत २० रुपयांच्या मुद्रांकावर नोटरीसमोर केलेले प्रतिज्ञापत्र जोडायचे आणि मालकाची पुष्टी मिळवायची. तीन महिने पगाराविना काढलेल्या माणसाला आधी नोटरीचे पैसे उभे करायचे होते.

२४ मार्च २०२० च्या रात्री टाळेबंदी जाहीर झाली. कारखाने थांबले, लोकल थांबल्या आणि परप्रांतीय कामगार गावी परतण्याच्या मार्गाला लागले. ऑगस्टच्या निर्णयाने दर निम्म्यावर नेला, प्रतीक्षा ९० वरून ३० दिवसांवर आणली आणि मालकाची मध्यस्थी काढली. ७८ दिवसांची अटही चारऐवजी दोन सहामाहींपुरती राहिली : नोकरी जाण्याच्या लगत आधीची आणि त्यापूर्वीच्या तिनांपैकी कोणतीही एक. नोव्हेंबरमध्ये प्रतिज्ञापत्रही रद्द झाले. आधार आणि बँक खात्याच्या कागदांच्या स्कॅन केलेल्या प्रती पुरेशा ठरल्या.

७८ दिवसांचा आकडा मात्र राहिला, आणि तो मोजला जातो भरलेल्या अंशदानावरून. कंत्राटी कामगाराचे अंशदान भरण्याची अंतिम जबाबदारी कायद्याने मुख्य मालकावर टाकली आहे. नोंद मात्र ठेकेदाराच्या यादीवरून होते. मधे 'ब्रेक' दाखवला, ठेकेदार बदलला किंवा नाव उशिरा चढले, की कामगाराने घाम गाळलेले दिवस आणि संगणकात दिसणारे दिवस यांत तफावत पडते. शाखा कार्यालयात थेट जाण्याची मुभा मिळालेल्या माणसाला तेथे पोहोचल्यावर पडद्यावर दिसणार होते ते ठेकेदाराने कळवलेलेच आकडे.

त्या उन्हाळ्यात रोजगार हमीच्या कामांची मागणी देशभर वाढली. तारापूरच्या ठेकेदाराकडून सुटून मोखाड्याच्या पाड्यावर परतलेल्या तरुणाला तेथे 'नमुना ४' भरताना ७८ दिवसांचा हिशेब द्यावा लागत नव्हता. त्याला पंधरा दिवसांत माती खणण्याचे काम मागता येत होते. कारखान्यात यंत्र चालवल्याचे दिवस सिद्ध करायला मात्र त्याला पुन्हा बोईसरलाच यावे लागणार होते, आणि लोकल अजून सर्वांसाठी सुरू झाल्या नव्हत्या.