कापलेला तुकडा कुणाचा?

ऐंशीच्या दशकाच्या शेवटी आमच्या बोईसरला पत्र्याच्या शेडमध्ये व्हिडिओ चालायचा. आत बाकडी, समोर कलर टीव्ही, खाली व्हीसीआर. पाळी सुटली की तारापूर एमआयडीसीतले कामगार तिथे गर्दी करत. शाळेत असताना मीही एकदा घरी न सांगता गेलो. मारधाडीचा हिंदी सिनेमा चालू होता. नायिका खोलीत शिरली, चित्र थरथरलं आणि दुसऱ्याच कुठल्या तरी फिल्ममधली उघडी बाई पडद्यावर आली. चेहरा नीट दिसत नव्हता. दोन-तीन मिनिटांनी मूळ सिनेमा पुढे सुरू झाला. दुसऱ्या दिवशी नाक्यावर चर्चा मात्र त्या नायिकेचं नाव घेऊन.

हे सगळं परवा आठवलं. भाच्याने मोबाइलवर स्वतः केलेला ‘एडिट’ दाखवला. आवडत्या नटीच्या ‘ए’ सर्टिफिकेटवाल्या सिनेमातले पलंगावरचे शॉट, त्यांना जोडून तिच्याच एका कौटुंबिक सिनेमातलं हसू, मागे तिसऱ्याच सिनेमाचं गाणं. मी गप्प झालो तर म्हणाला, “मामू, मी यात पैसे थोडेच कमावतो? फॅन आहे मी तिचा.”

पैशाचं उत्तर सोपं आहे. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ प्रमाणे धंद्यासाठी केलं नसेल तर न्यायालय शिक्षा कमी करू शकतं, पण त्याने गुन्हा पुसला जात नाही. मला प्रश्न पडला तो त्या बाईचा. तिचं यात काय?

इतिहास पाहिला तर बराच काळ काहीच नाही. १९५२चा सिनेमॅटोग्राफ कायदा म्हणतो, सर्टिफिकेट मिळाल्यावर फिल्ममध्ये फेरफार करणं गुन्हा. बोईसरच्या शेडमधला तुकडा इथेच पकडता आला असता. पण हा कायदा सेन्सॉरची मोहर सांभाळतो. १९५७च्या कॉपीराइट कायद्याने कलम ५७ मध्ये लेखकाला आपल्या कृतीची मोडतोड रोखण्याचा हक्क दिला. सिनेमाची मालकी निर्मात्याची. नट-नटीचा उल्लेखच नाही.

सत्तरच्या दशकाच्या अखेरीस हा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयात आला, तोही देव आनंद यांच्यासारख्या नटाच्या खटल्यात. न्यायालयाने सांगितलं की सिनेमातला अभिनय ही कायद्याच्या अर्थाने ‘कृती’ नाही, त्यामुळे नटाला त्यावर कॉपीराइट नाही. देव आनंद यांना जे मिळालं नाही, ते त्या थरथरत्या तुकड्यातल्या बिननावाच्या बाईला कुठून मिळणार?

१९८४ मध्ये व्हिडिओच्या चोरीने निर्माते हैराण झाले, तेव्हा कायदा कडक झाला. कॅसेटवर सेन्सॉर सर्टिफिकेटची प्रत आणि बनवणाऱ्याचं नाव-पत्ता छापणं सक्तीचं झालं. अब्रू सरकारच्या हवाली, पैसा निर्मात्याच्या. १९९४च्या दुरुस्तीत कलाकारांचे हक्क आले, पण अट अशी की एकदा सिनेमात काम करायला होकार दिला की ते हक्क संपले.

२०१२ मध्ये चित्र बदललं. कलम ३८ ब आलं. आपल्या अभिनयाची अशी मोडतोड झाली की ज्याने नावाला बट्टा लागेल, तर कलाकार ती थांबवू शकतो, भरपाई मागू शकतो. निव्वळ संकलनासाठी भाग गाळणं यात येत नाही. विशेष म्हणजे श्रेयनामावलीत नाव नसलेल्या किरकोळ कलाकारालाही हा एक हक्क ठेवला आहे. म्हणजे त्या बिननावाच्या बाईची आठवण कायद्याला आली, पण साठ वर्षांनी.

आपल्याकडे ही गोष्ट नवी नाही. सूरह नूरमध्ये पाकदामन बाईवर तोहमत ठेवणाऱ्याकडून चार साक्षीदार मागितले आहेत. नजर खाली ठेवण्याचा हुकूमही तिथे आधी पुरुषांना आहे, मग बायकांना. लहानपणी हे आम्ही मदरशात शिकलो आणि नाक्यावर विसरलो. त्या नायिकेवर आम्ही सगळ्यांनी तोहमत ठेवली. साक्षीदार एकच होता, जोडलेली टेप.

भाच्याला मी कायद्याची कलमं सांगितली नाहीत. शेडची गोष्ट सांगितली. त्याने विचारलं, “ती नायिका नव्हतीच, हे तुम्ही नाक्यावर कुणाला सांगितलंत का?”

नव्हतं सांगितलं. मी तिथे गेलो होतो हे घरी कळलं असतं.